वाक्य पूर्ण करणारा ग्रंथ

वखारीमागचं सभागृह सकाळीच खच्चून भरलं होतं. चमत्कारच तसा होता. व्याख्याते आपल्या ग्रंथातलं वाक्य अर्ध्यावर सोडत आणि ज्यांनी ग्रंथ कधी उघडलाही नाही, ती माणसं ते एकमुखानं पूर्ण करीत.

"हा ग्रंथ मी लिहिलेला नाही," ते डोळे मिटून म्हणत, "तुमच्या रक्तात तो आधीच लिहिलेला आहे." रक्तातला हा ग्रंथ दाराशी विकतही मिळत होता.

दुपारपर्यंत माझं रोजचं मौन असतं. सगळे ओरडत होते, तेव्हा मला ऐकण्यावाचून दुसरं काम नव्हतं. आपण राबतो ना? हो. आपली मुलं गुणी ना? हो. तरी घरात ओढाताण? हो. मग आपलं सुख हिरावलं... "त्यांनी!"

'ते' म्हणजे कालव्यापलीकडून आलेले. आमच्या गल्लीत त्यांच्यापैकी एकटे लाँड्रीवाले काका. संध्याकाळी त्यांचं शटर फोडायचं ठरलं आणि पहिल्या घावाचा मान माझ्या दिरांना मिळाला.

जेवणं झाली, मौन सुटलं. भाऊजी माळ्यावर पहार शोधत होते. मी म्हटलं, माझ्याकडेही ग्रंथ आहे, दोन ओळी ऐकून जा. ते खाली उतरले. फडक्यातलं पुस्तक उघडून मी त्याच चालीत सुरू केलं.

"आपण राबतो ना, भाऊजी?"

"हो."

"आपल्या साधेपणाचा फायदा घेतला..."

"त्यांनी!"

"मग आज दार फोडायचं..."

"त्यांचंच!"

"बरं. मी तुमच्या सासुरवाडीबद्दल वाचत होते."

स्वयंपाकघरात जाऊबाईंच्या हातून पातेलं सुटलं. मी पुस्तक भाऊजींपुढे धरलं. ती आमच्या इस्त्रीची माहितीपुस्तिका होती.

करामत एवढीच. आधी कोणीही 'हो' म्हणेल असं विचारायचं, जीभ उताराला लागली की थांबायचं. शेवटचा शब्द आपल्याच तोंडून पडतो, म्हणून तो आपलाच विचार वाटतो.

"काकांनी तुमचं काय हिरावलं? एक गोष्ट सांगा," मी विचारलं.

"लग्नातला कोट," भाऊजी आठवून म्हणाले, "त्यांनी रात्रीतून धुऊन दिला होता."

संध्याकाळी ते लाँड्रीसमोर गेले, रिकाम्या हातानं. जमलेल्या प्रत्येकाला त्यांनी तोच प्रश्न विचारला. उत्तर कोणाचंच तयार नव्हतं, कारण ते ग्रंथात नव्हतं. बघता बघता एकेकाला घरची कामं आठवली.

देवापुढे मी रोज हात जोडते, आणि त्यानं दिलेली बुद्धी दुसऱ्याच्या हाती सोपवणं मला पाप वाटतं. कोणी वाक्य अर्धं सोडलं तर ते पुरं करण्याची घाई करू नका. ते त्यालाच पूर्ण करू द्या, आणि मग पुरावा मागा.