चिंचेला ठोकलेली बट

विशाखानं रंगवलेली हडळ देखणी होतीच, पण गेम खेळणारी तरुण पोरं तिच्यावर भाळली ती काही नुसत्या रूपामुळं नव्हे. मोठ्यांसाठीचा हा गेम ती आणि देवेश सिडकोतल्या एका खोलीत करत होते. चित्रं आणि संवाद तिचे, प्रोग्रामिंग त्याचं. टँकर आला की दोघंही काम टाकून हंडे घेऊन धावायचे. गेममधली हडळ आटलेल्या विहिरीकाठच्या चिंचेवर राहायची आणि येणाऱ्याला सरळ सांगायची, तू मला आवडलास, थांबतोस का? तो नाही म्हणाला तर मुकाट वाट सोडायची. ज्यांना आधी खेळायला दिला, त्यांनी लिहिलं की अशी बाई आयुष्यात भेटली नाही. कशी भेटणार? बाईनं मनातलं बोलून दाखवलं की आपल्याकडं अख्ख्या घराला सुतक लागतं.

आता फक्त शेवट राहिला होता. देवेशचं म्हणणं, नायकानं तिच्या केसांची बट खिळ्यानं चिंचेला ठोकावी, म्हणजे ती वश होईल आणि त्याच्या घरी येऊन भाकरी थापेल. अस्सल आपल्या मातीतलं, लोक खूश होतील. खिळा ठोकल्याचा आवाजसुद्धा त्यानं हौसेनं तयार ठेवला होता. माणूस वाईट नव्हता. शहरात वाढलेला, त्याला खिळा फक्त गोष्टीतच भेटला होता.

विशाखानं साफ नकार दिला. तोही हट्टाला पेटला. म्हणाला, हा शेवट नसेल तर मी गेम सोडतो. तेव्हा तिनं क्लिप काढून केस बाजूला सारले. कानामागं रुपयाएवढी जागा गुळगुळीत होती.

"तू मला पायजे, असं नवऱ्याला तोंडानं म्हणले मी. त्यानं आईला सांगितलं, आईनं भगताला. तो म्हणाला, हिला हडळ लागलीय. अशीच चिंच होती."

देवेशचा चेहरा उतरला. त्यानं विचारलं, सुटलीस कशी?

"हिसडा मारून. बट तिथंच राहिली. मी नाय राहिले."

तिला त्याची कीव नको होती. ती संतापली होती, आणि तो संताप तिला बरा वाटत होता. तिनं त्याच्यासमोर बसून नवा शेवट सांगितला. खिळा उचलायचा की नाही, ते खेळणाऱ्यानं ठरवायचं; ठोकला की हडळ हिसडा मारून निघून जाते, आणि त्या खेळणाऱ्याला पुन्हा कधीच दिसत नाही.

देवेश म्हणाला, लोक शिव्या देतील. त्यापेक्षा खिळाच काढून टाकू.

"नाय, खिळा राहू दे," विशाखा म्हणाली. "कोण कोण उचलतंय ते बघायचंय मला."