नऊ नंबरचा ओके

आधीच सांगून ठेवते, मी गप्प बसणाऱ्यांतली नाही. कारखान्यात मला भोंगा म्हणतात आणि त्यात कुणाला काही चूक वाटत नाही, मलाही नाही. पंखा बंद पडो की प्यायचं पाणी गढूळ येवो, तक्रार माझ्याच तोंडून साहेबांकडे जाते. बाकीच्या बायका मागून कोपरानं ढोसतात, "बोल गं, तूच बोल." आणि मी बोलते. म्हणूनच पुढचं सांगताना जास्त लाज वाटते.

आम्ही तान्ह्या बाळांचे कपडे करतो. हॉलच्या एका टोकाला कापड कापतात, मधे शिलाई मशीनच्या रांगा आणि पार दुसऱ्या टोकाला, खिडकीपाशी, आम्हा चेकरांची टेबलं. फ्रॉक हातात आला की उलटा करायचा, शिवण बघायची, लोंबते धागे बघायचे, आणि मग पाठीवरची तीन बटणं. एकेक बटण चिमटीत धरून जोरात ओढायचं, मनात तीन म्हणेपर्यंत सोडायचं नाही. बाळं हाताला येईल ते तोंडात घालतात, म्हणून बटणाचा नियम सगळ्यांत कडक. तिन्ही बटणं टिकली की फ्रॉकच्या लेबलवर एक गोल स्टिकर चिकटवायचा. त्यावर छापलेलं असतं ओके, आणि खाली आपला नंबर. माझा अकरा. शेजारच्या टेबलावर मुंगी बसायची, तिचा नऊ.

मुंगी हे नाव मीच ठेवलं. बारकी, अबोल, सकाळी लागली की संध्याकाळपर्यंत एकामागून एक, एकामागून एक. प्रत्येक बटण दोनदा ओढणार. स्टिकर लेबलच्या बरोब्बर मध्यावर, पट्टीनं मोजल्यासारखा. माझा स्टिकर पडेल तिथं पडायचा, कधी तिरका, कधी अर्धा बाहेर. मी तिला म्हणायचे, "अगं, बाळ काय स्टिकर बघून फ्रॉक घालणार आहे?" ती हसायची आणि पुढचं बटण ओढायची. तिच्या नवऱ्याची कंबर धरली होती, दोन वर्षं तो घरीच. घर तिच्या एकटीच्या हातांवर चाललं होतं. हे सगळं मला माहीत होतं, हे लक्षात ठेवा.

त्या दिवशी माझ्या लेकीच्या शाळेत पालकांना बोलावलं होतं, दोन वाजता. सुट्टी मिळाली, पण समोरचं काम संपवून जा, या अटीवर. जेवायची सुट्टी झाली तेव्हा माझ्यासमोर चाळीस फ्रॉक शिल्लक आणि माझा स्टिकरचा रोल संपलेला. नवा रोल स्टोअरमधून सही करून आणावा लागतो आणि स्टोअरवाला कुलूप लावून डबा खायला गेलेला. अशा वेळी शेजारणीचा रोल घ्यायचा, हे आमच्यात सर्रास चालतं. साहेबांना ठाऊक नसतं, आम्हाला असतं. फक्त नंतर सांगायचं, "तुझे एवढे लावले गं." मुंगीही जेवायला गेली होती. तिचा रोल टेबलावर होता. मी घेतला.

तेवढंच केलं असतं तर मी आज हे सांगत बसले नसते. मी बटणं ओढली नाहीत. एकही नाही. फ्रॉक उलटा केला, नजर फिरवली, स्टिकर मारला, बाजूला. बटणं जागेवर दिसत होती, म्हणजे पक्की असणारच, असं मनाला सांगितलं. पंधरा मिनिटांत चाळीस फ्रॉक उरकले, रोल होता तिथं ठेवला आणि बस पकडली. दुसऱ्या दिवशी मुंगीला सांगायचं विसरले, हे खरं आहे. दुपारी आठवलं तरी सांगितलं नाही, हेही खरं आहे. पंधरा मिनिटांत चाळीस कसे झाले असं तिनं विचारलं असतं, तर मी काय तोंडानं सांगणार होते?

दोन महिने काही झालं नाही. मग एका शनिवारी सकाळी सुपरवायझरनं सगळ्या चेकरांना खिडकीपाशी बोलावलं.

या सुपरवायझरला आम्ही ओकेसाहेब म्हणतो, पाठीमागे अर्थात. माणसाची सगळी भाषा एका शब्दावर भागते. सकाळी आला की "ओके", म्हणजे लागा कामाला. कुणी रजा मागितली की लांबलचक "ओकेऽऽ", म्हणजे बघतो, पण देणार नाही. बोलून संपवताना "ओके?", म्हणजे कळलं ना, आता तोंड उघडू नका. त्या दिवशी त्यानं तो शब्द उच्चारलाच नाही.

त्यानं सोबत आणलेला खोका उघडला आणि टेबलावर फ्रॉक पसरले. पिवळे, पाठीवर पांढरी बटणं. काहींवर दोनच बटणं होती, काहींवर एकच. "एका बाळाच्या तोंडात बटण गेलं," तो म्हणाला. "आईनं बोट घालून वेळेवर काढलं, म्हणून आपण इथं नुसते बोलत उभे आहोत. सगळा माल परत आलाय. आणि बटण सुटलेल्या एकूण एक फ्रॉकवर नंबर आहे नऊ."

सगळ्यांच्या माना मुंगीकडे वळल्या. मुंगी पुढं झाली. तिनं एक फ्रॉक उचलला, लेबल उलटून बघितलं. दुसरा उचलला. तिसरा. स्टिकर सगळे तिरके होते. मला ते दोन हातांवरून दिसत होते. मग तिनं मान वर केली आणि माझ्याकडे बघितलं.

मी माझ्या चपलांकडे बघितलं. डाव्या चपलेचा अंगठा शिवायला झाला होता. तो मी इतक्या लक्ष देऊन बघितला की आजही डोळ्यांपुढे आहे.

"काही बोलायचंय?" सुपरवायझरनं तिला विचारलं.

ती लगेच बोलली नाही. बराच वेळ गेला. मागून नेहमीसारखं कुणी मला कोपरानं ढोसलं नाही. माझ्या तोंडात शब्द होते, जिभेवर होते, पण माझी पाचावर धारण बसली होती. लेकीची फी, नवऱ्याचे टोमणे, सासूचं औषध, सगळं एकदम डोक्यात आलं. शेवटी मुंगी म्हणाली, "नंबर माझाच आहे." त्यानं तिचं ओळखपत्र मागितलं. तिनं ते गळ्यातून काढून त्याच्या हातात दिलं, डब्याची पिशवी उचलली आणि मशीनच्या रांगांमधून सगळ्यांच्या समोरून चालत बाहेर गेली.

घरी आले तर लेक वही उघडून बसलेली. सातवीत आहे, तोंड माझ्यावर गेलंय. इंग्रजीच्या बाईंनी गृहपाठ दिला होता, घरात सतत कानावर पडणारा एक इंग्रजी शब्द घ्या आणि कोण तो कशासाठी वापरतं ते लिहा. तिनं कुठला शब्द घेतला असेल, सांगायलाच नको.

"ऐक हं," ती म्हणाली. "बाबा फोनवर ओके म्हणतात, तेव्हा त्यांनी काहीही ऐकलेलं नसतं."

"ए, काय गं!" आतून नवरा ओरडला.

"आजी ओक्के म्हणते, तेव्हा ती खूश असते. आत्या ओके म्हणून फोन ठेवते, तेव्हा ती रुसलेली असते. डॉक्टर ओके म्हणतात, म्हणजे आपण आता खुर्चीवरून उठायचं. माझी मैत्रीण ओके ओके असं दोनदा म्हणते, तेव्हा तिला तो विषय नको असतो. आई मला 'ओके?' असं विचारते, तेव्हा नाही म्हणायची सोय नसते."

सासूबाई पोट धरून हसल्या. मीही हसल्यासारखं केलं.

"आता तुझ्या कामाचं राहिलंय. तू फ्रॉकवर ओके लावतेस, म्हणजे काय?"

"म्हणजे... बघितलंय असं."

"नुसतं बघितलंय?"

"हात लावून," मी म्हणाले. "ओढून."

तिनं जीभ बाहेर काढून, नेटकं अक्षर काढत लिहिलं आणि मोठ्यानं वाचून दाखवलं, "माझी आई ओके लावते, म्हणजे तिनं ते स्वतः हात लावून, ओढून बघितलेलं असतं."

"शाबास!" सासूबाई म्हणाल्या.

"खोड ते," मी म्हणाले.

"का? चुकलंय?"

"खोड म्हटलं ना! एकदा सांगितलेलं कळत नाही?" मी इतकी किंचाळले की नवरा बाहेर आला. लेकीचे डोळे भरले. तिनं खोडरबर घेतलं आणि घासायला लागली. मला स्वतःच्या मुस्काटात मारून घ्यावंसं वाटलं. पोरीनं सगळ्या घराचं खरं लिहिलं होतं, खोटं होतं ते माझंच एक वाक्य, आणि तेही मीच सांगितलेलं.

रविवारी सकाळी मुंगीकडे गेले. दोन खोल्या, तिसऱ्या मजल्यावर. नवरा पाठीला उशी लावून कॉटवर पडलेला, हातात जुनं मासिक. "या वहिनी, या," म्हणाला. "बरं झालं आलात. हिला चार दिवस सुट्टी दिलीय म्हणे, मालच आला नाही. कधी नव्हे ते घरात दिसतेय."

मी मुंगीकडे बघितलं. तिनं आत स्वयंपाकघरात चहाचं आधण ठेवलं आणि मला हातानं बोलावलं.

"शनिवारी सांगायचं होतं, ते सांगायला आलीस?" ती हळू आवाजात म्हणाली.

"तुला कळलं होतं?"

"सात वर्षं शेजारी बसते. तुझा हात ओळखू येणार नाही मला? सगळे वाकडे."

"मग माझं नाव का नाही घेतलंस? तिथल्या तिथं घ्यायचंस की! झिंज्या उपटायच्यास माझ्या!"

"हळू बोल." तिनं पातेल्यात साखर घातली. "मला वाटलं, तू बोलशील. साहेबांनी विचारलं ना, काही बोलायचंय का, तेव्हा मी तुझ्यासाठीच थांबले होते. पंख्यासाठी बोलतेस, पाण्यासाठी बोलतेस. म्हटलं, आता बोलेल. कार्ड मागितलं, तेव्हाही म्हटलं, आता बोलेल. दारापर्यंत हळूहळू चालत गेले गं मी."

मला हुंदका फुटला. तिनं पटकन माझ्या दंडाला धरलं. माया करतेय असं मला वाटलं.

"इथं रडू नकोस," ती म्हणाली. "ह्यांना कळेल."

मी पदर तोंडात कोंबला. चहा घेतला, तिच्या नवऱ्याशी पाच मिनिटं कंबरेच्या दुखण्यावर बोलले आणि निघाले. जिन्यात तिला म्हणाले, "उद्या सांगते मी. शपथ." तिनं मान हलवली. तिचा विश्वास बसला की नाही, मला कळलं नाही, आणि विचारायचं तोंड मला नव्हतं.

सोमवारी कारखाना उघडल्या उघडल्या सुपरवायझरच्या काचेच्या खोलीत जाऊन उभी राहिले. सगळं सांगितलं. रोल, चाळीस फ्रॉक, न ओढलेली बटणं. तो डोकं धरून बसला.

"अगं बाई, रिपोर्ट वर गेलाय. प्रकरण मिटलंय. आता तू कशाला नवीन काढतेस? जा, टेबलावर बस. ओके?"

"नाही," मी म्हणाले. "तिला परत बोलवा."

"तुझं काय होईल, कळतंय का?"

"कळतंय."

त्यानं कोरा कागद पुढं सरकवला. मी लिहून दिलं, सही केली. त्यानं ते दोनदा वाचलं. मुंगीला निरोप धाडतो म्हणाला. माझं टेबल तर गेलंच, पुढचं वरचे लोक ठरवतील, तोवर धागे कापायला बसायचं. मला वाटलं, सुटले. मी दाराकडे वळले.

"थांब," तो म्हणाला. "तिला सगळ्यांच्या समोर काढली मी. तूही सगळ्यांच्या समोरच सांगायचं."

मशीन सुरू व्हायच्या आधी त्यानं सगळ्यांना उभं केलं. दीडशे बायका, कापणारे, इस्त्रीवाले, स्टोअरवालासुद्धा. नऊ नंबरचं टेबल रिकामंच होतं. मी तिथं जाऊन उभी राहिले आणि बोलले. ते चाळीस फ्रॉक मी तपासले नव्हते. स्टिकर तिचे होते, लावले मी. शनिवारी मला माहीत होतं आणि मी गप्प राहिले.

पुढच्या रांगेतल्या बायकांनी ऐकलं. त्यांच्यातली एक तोंडावर हात ठेवून उभी राहिली, बाकीच्यांनी नजर दुसरीकडे वळवली.

"काय म्हणाली? ऐकू आलं नाही," पार मागून, कापणाऱ्यांच्या बाजूनं कुणीतरी विचारलं. टोमणा नव्हता तो, खरंच ऐकू गेलं नव्हतं. पुढच्या कुणीही मागं वळून त्याला सांगितलं नाही.

मी घसा खाकरला आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून, मोठ्यानं सांगितलं.