चार हातांचं गिऱ्हाईक

चार हात, तीन गुडघे आणि मानेला माशासारखे कल्ले असलेल्या गिऱ्हाइकाचं माप शिंपीमामांनी घेतलं, ते इस्त्रीच्या टेबलाशेजारी, हवेत टेप धरून. रस्त्यावरून बघणाऱ्यांना वाटलं, म्हातारा कामातून गेला. पण मामांच्या डोळ्यांवर भाचीचा तो जाडजूड चष्मा होता आणि त्यातून परग्रहावरचा तो लांबुडका प्राणी त्यांना लख्ख दिसत होता.

"पोक काढू नकोस रे," मामांनी त्याला दटावलं.

"मामा, तो कॉम्प्युटरमधला अवतार आहे. त्याला ऐकू येत नाही."

"गिऱ्हाइकं कुठे ऐकतात? तरी सांगायचं असतं."

भाची कॉम्प्युटरच्या खेळांतल्या अशा अवतारांचे पोशाख बनवायची. त्याच दिवशी पाच वाजता कंपनीचे साहेबलोक कॉम्प्युटरवरूनच तिचा पोशाख बघणार होते. जमला तर नोकरी पक्की, नाही तर घरी. पोशाख दिसायला शिंपल्याच्या पोटासारखा झळाळता, पण अवताराने हात उचलले की काखेत टरकायचा. आठवडाभर डोकं आपटून ती शेवटी मामांच्या दारात आली होती.

मामांनी वर्तमानपत्रावर बेतलं, कापलं. भाचीने ते तुकडे कॉम्प्युटरमध्ये चढवले. टर्रर्र! पुन्हा फाटला.

मामा मटकन स्टुलावर बसले. मग त्यांनी कपाळावर हात मारला. "अगं, हा कामधंदा काय करतो ते विचारलंच नाही मी!"

उभ्या हयातीत हा प्रश्न विचारल्याशिवाय त्यांनी टेप उलगडली नव्हती. रंगाऱ्याच्या सदऱ्याची काख वेगळी, कारकुनाची वेगळी. आज मात्र चार हात बघून ते असे हरखले, की विसरूनच गेले.

"कामधंदा कसला? चालतो, आणि शेवटी नाचतो."

"मग नाचव की! उभ्या माणसाचं माप घेऊन नाच्याचा कपडा बेतला मी."

अवतार नाचला. वरचे हात उठले की खालच्या हातांचं कापड ओढलं जातंय, हे मामांनी पहिल्याच गिरकीत हेरलं. चारही काखांत चौकोनी तुकडे घातले, पाठ मधोमध उभी कापून एक बाजू दुसरीवर सरकती ठेवली.

पाच वाजता अवतार असा नाचला, की त्या वाऱ्याने टेबलावरचे कागद उडाले, असं मामा अजून शपथेवर सांगतात. पाठ कल्ल्यासारखी उघडायची, मिटायची. एक टाका उसवला नाही. साहेबलोकांनी तिथल्या तिथे नोकरी पक्की केली.

भाचीने मामांच्या गळ्यात हात टाकले. "मामा, तुझे उपकार कसे फेडू?"

"माझे कसले? नऊ वर्षं लोक माझ्याकडे नुसत्या चेन बदलायला येतायत. अख्खा कपडा शिवायला कोणी सांगितलाच नाही. तू सांगितलास, तोही असल्या राजबिंड्याचा." मामांनी चष्मा काढून डोळे पुसले. "उपकार तुझेच गं बये."

"नाही, तुझे!"

"बरं, माझे. भांडू नकोस. त्याच्या बायकोला कधी आणतेस मापाला?"