बाकड्यावरची मोकळी जागा

सिरिलो लिंटनने उभं आयुष्य उकिडवं बसून काढलं. बेसबॉलमध्ये पिचरने फेकलेले चेंडू झेलणारा असा कॅचर सान पेद्रो गावात दुसरा झाला नाही. गुडघे कामातून गेले तेव्हा गावच्या रेडिओने त्याला सामन्यांचं वर्णन करायला बोलावलं. अडचण एकच होती, हा माणूस तोंडच उघडत नसे. मैदानात तो कॅचरच्या रिवाजाप्रमाणे कोणता चेंडू हवा ते पिचरला बोटांच्या खुणांनी सांगायचा, आता रेडिओवर बोटं कुणाला दिसणार? जोडीदार ओसिरिसच दोघांच्या वाट्याचं बोलायचा.

शेवटी रेडिओच्या मालकीण फेबेबाईंनी बजावलं, "सिरिलो, माझा जीव आहे तुझ्यावर. पण मुक्याच्या हातात माइक देऊन मी काय करू? रविवारी बोलला नाहीस तर सोमवारी येऊ नकोस."

मैदानाबाहेर त्याचं होतंच कोण?

आणि रविवारी दुपारी नेमका लेउरिस, आपला विशीतला पिचर, पेटला. पाहुण्या संघाचे नऊपैकी आठ डाव झाले तरी त्यांना एकही हिट मिळाली नव्हती, म्हणजे पळून तळ गाठता येईल असा एकही फटका बसला नव्हता. असं चालू असताना ते कुणी बोलून दाखवायचं नसतं. दृष्ट लागते, म्हणून अशा पिचरच्या जवळही कुणी जात नाही. जाहिराती सुरू होताच फेबेबाई मैदानावरच्या माइकच्या खोलीत शिरल्या.

"सांगून टाक की. गावभर रेडिओ लागतील."

"नाही सांगणार. नोकरी गेली तर जाऊ दे."

"मग दुसरं काही बोल, पण बोल रे बाबा."

जाहिराती संपल्या. आपली बॅटिंग सुरू होती. सिरिलो माइकजवळ सरकला. "लेउरिस बाकड्याच्या टोकाला एकटाच बसलाय. शेजारी कुणी बसत नाही. पाणी देणारासुद्धा वळसा घालून गेला."

एवढंच. गावाला कळायचं ते कळलं. खोलीच्या मागच्या खिडकीखाली, रस्त्यावर डोमिनो खेळणाऱ्यांनी सोंगट्या ठेवून रेडिओचा आवाज वाढवला.

नवव्या डावात पाहुण्यांचे तीनपैकी दोन गडी बाद झाले. तिसऱ्याने मारलेला चेंडू दोन क्षेत्ररक्षकांच्या मधून सरळ निसटला. हिट. ओसिरिसने तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. रेडिओवर नुसती खरखर. फेबेबाईंनी कपाळाला हात लावला.

सिरिलोने माइक ओढून घेतला.

"आता बोलायला हरकत नाही. पोराने आत्तापर्यंत एकही हिट दिली नव्हती. हा चेंडूही वाईट नव्हता हो, मी असतो तर हाच मागितला असता. कॅचर त्याच्याकडे निघालाय. तोंडावर हात धरून बोलतोय, पण काय बोलतोय ते मला माहीत आहे. जन्मभर मी पोरांना तेच सांगितलं. रडायचं ते घरी जाऊन रड, अजून एक गडी बाकी आहे."

लेउरिसने तो गडी बाद केला. सामना जिंकला, लोक उठून टाळ्या वाजवायला लागले, तरी सिरिलो बोलतच होता. ओसिरिसने सवयीने माइककडे हात नेला. फेबेबाईंनी तो हात धरून ठेवला.