सुपावर रंगवलेली आई

मी एक जुनं सूप आहे. मित्रांनो, नाकं मुरडू नका. पाखडणं हा माझा जन्माचा धंदा, तेव्हा बोलतानाही मी फोलपटं ठेवणार नाही.

माझा बांबू खानापूरच्या रानातला. भरमा नावाच्या बुरुडानं कानडी गाणं गुणगुणत मला विणलं. निपाणीच्या बाजारात कोंडाबाईनं मला उचललं आणि धान्याऐवजी बिड्यांच्या कामाला लावलं. तिच्या मांडीवर मी, माझ्यात पानं, जर्दा आणि दोरा. गल्लीतल्या बायका बिड्या वळायला जमायच्या. मराठी गाणं संपलं की कानडी सुरू व्हायचं. कुणाचं कुठलं, हे कुणी विचारत नसे.

कोंडाबाईची लेक अक्काताई त्यातच वाढली. चित्रं काढायची, गायची, नकला तर अशा करायची की हसून पोट दुखावं! पुढं ती बेळगावात चित्रकला शिकली. १९८३ साली तिनं आईकडून मला मागून नेलं आणि चुना, गेरू, काजळीनं माझ्या पाठीवर कोंडाबाईचाच चेहरा रंगवला. तो तोंडापुढं धरून ती आईसारखी बोलायची. मग मला मांडीवर घेऊन बोटांनी ठेका धरायची आणि गायची, एक कडवं मराठी, एक कानडी. एवढा मान मला कधी मिळाला नव्हता.

कोंडाबाई मात्र चिडली. "बिड्या वळणाऱ्या आईचं तोंड चारचौघांत नाचवतीस? माझी अब्रू वेशीला टांगतीस व्हय गं?"

"आई, तुला लपवून मी कोण म्हणून उभी राहू?"

कोंडाबाई तोंड फिरवून बिड्यांची पानं कातरत बसली. पण लेकीच्या कार्यक्रमादिवशी गल्लीतल्या बायकांना घेऊन ती लाल सरकारी बसनं बेळगावच्या टिळकवाडीत हजर झाली.

तिथं कलामेळावा होता. संयोजकांनी मला उलटंसुलटं करून पाहिलं. "चित्र असेल तर भिंतीला लावा. गाणं असेल तर गायकांत बसा. आणि मराठी की कन्नड, एकच काय ते सांगा."

अक्काताईचे डोळे भरले. "साहेब, ह्यातलं काय कापून टाकू?"

तेवढ्यात मागून कोंडाबाई पुढं आली. "माझ्या लेकीचे वाटे कशाला घालताय? चल गं, भाईर अंगण हाय!"

अंगणात खेळ रंगला. माझ्याआडून अक्काताई आईसारखी रागावली, तेव्हा बायका हसता हसता रडल्या. तिनं ठेका धरला आणि दोन्ही भाषांतली कडवी त्यांनी आपणहून उचलली. बघता बघता सभागृह रिकामं झालं. शेवटी संयोजक स्वतःच माईक घेऊन बाहेर आले.

"आता कुठं बसवताय हिला?" कोंडाबाईनं विचारलं.

"मधोमध, बाई," ते हात जोडून म्हणाले.

टाळ्या थांबेनात! त्या ठेक्यात माझी एक काडी मोडली, ती मी आजही मिरवतो आहे.

मित्रांनो, पाहुणे आले की घरातल्या कष्टाच्या वस्तू खाटेखाली सारू नका. त्या पुसा, पुढं मांडा. कुणी विचारलंच, तर ताठ मानेनं सांगा, ही आमच्या आईची आहे.