खोडलेल्या चार ओळी

"वहिनी, बाबांच्या गोष्टीला कात्री लावू नकोस हं. हल्ली विसरायला लागलेत ते," नणंदेनं जाता जाता बजावलं होतं. नणंद दवाखान्यात नर्स. तिला जिथे तिथे आजारच दिसतो, असं सूनबाईचं ठाम मत. "वन्सं, तुम्ही पेशंट बघा, पुस्तकं मी बघते," असं म्हणून तिनं दार लावून घेतलं. स्वतःच्या या वाक्यावर ती दिवसभर खूशसुद्धा होती.

सूनबाई घरी बसून शाळेची पुस्तकं तपासायची. लाल पेन धरायला तिला शिकवलं सासऱ्यांनीच. त्यांची चाळीस वर्षं छापखान्यात प्रुफं वाचण्यात गेलेली. नियम एकच: लाल शाईचा शब्द शेवटचा. दुरुस्त प्रत आली की जुनी फाडायची, नाहीतर दोन्हींचा घोळ होतो.

याच माणसानं नातीसाठी एक महाकाव्य रचलं होतं. नऊ सूर्यांमधल्या नावाड्यांचं, फार फार जुन्या काळचं म्हणे. त्या लोकांना पायाखाली जमीनच नाही. जन्म होडीत, लग्न होडीत, भांडणंही होडीतच. रुसून जायची सोय नाही. इथे नात रोज हसायची. पण त्यांचा एक कायदा कडक होता. बाहेर पडणाऱ्यानं परतीची वाट मोठ्यानं म्हणायची. जो विसरेल त्याला आकाश गिळणार. म्हणून प्रत्येक सर्गाच्या शेवटी याच चार ओळी:

विझल्या सूर्यापाशी वळा डावीकडे,
निळ्या वेशीवरती धूमकेतूची राखण;
तीन चंद्र सोडा, चौथ्याशी थांबा,
तेच आपुले द्वार, तेच आपुले अंगण.

शाळेच्या कार्यक्रमात नात हे काव्य म्हणणार असं ठरलं आणि सूनबाई धास्तावली. पोरगी अडखळली तर? लोक कंटाळून हसले तर? एकच कडवं सतरा वेळा! तिनं वहीत सतरा ठिकाणी लाल रेघ ओढली आणि नवी, स्वच्छ प्रत काढली.

"पाल्हाळ होत होता, बाबा. चालेल ना?"

सासऱ्यांनी चष्मा लावून पानन्‌पान वाचलं. "तू तपासलंयस म्हणजे बरोबरच असणार," म्हणाले, आणि जुन्या वहीचे त्यांनी शांतपणे तुकडे केले.

कार्यक्रम झकास झाला. पंधरवड्यानं एका सकाळी दूध आणायला गेलेले सासरे अकरा वाजले तरी आले नाहीत. नवरा कामावर. पोरीचा हात धरून ती तशीच निघाली.

"आई, हा आपला चौथा चंद्र," दारावरच्या गोल दिव्याकडे बोट करत पोरगी म्हणाली. "ते बघ बाकीचे तीन." पुढे निळ्या फाटकाशी झुपकेदार शेपटीचं कुत्रं पहुडलं होतं. "आणि हा धूमकेतू."

सूनबाईनं विचारलं, "तुला हे कुणी सांगितलं?"

"आजोबांनी. मी विचारलं होतं."

कोपऱ्यावर वर्षभर बंद असलेला दिव्याचा खांब. त्याला टेकून सासरे उभे होते, दुधाची पिशवी छातीशी धरून.

"इथवर आलो, सूनबाई," ते म्हणाले. "पुढचं दुरुस्त प्रतीत नाही."

आवाजात तक्रार नव्हती. चूक दाखवताना ते असेच बोलायचे. चारचौघांत थोबाडीत मारली असती तरी तिला बरं वाटलं असतं. पिशवीतलं दूध नासलं होतं.

वहीचे तुकडे तिनं रद्दीतून शोधून चिकटवले. खोडलेल्या प्रत्येक ओळीखाली टिंबं दिली. छापखान्यात त्याचा अर्थ, खोडलेलं राहू द्या. सासऱ्यांनी बोट फिरवून पाहिलं. "टिंबं सरळ आलीत," म्हणाले. पण त्या ओळी त्यांच्या तोंडी परत बसल्या नाहीत. आता चिठ्ठी करून खिशात ठेवावी लागते, आणि चिठ्ठी कधीकधी दुसऱ्याच सदऱ्यात राहते.

नणंद आली तेव्हा सूनबाईनं मान वर केली नाही.

आता सूनबाईचं तुमच्याकडे एवढंच मागणं आहे. तुमच्या घरातही रोज तीच गोष्ट सांगणारं कुणी असेल, आणि "कळलं हो, पुढे बोला" म्हणून तुम्ही त्याला कधी तोडलं असेल, तर हे वाचणं इथेच ठेवा. ते माणूस बाहेर गेलं होतं ना मघाशी? परतलंय का, जरा बघून या.