चन्नप्पाची जागा

माझं अक्षर चांगलं आहे, हा माझ्या आयुष्यातला एकुलता एक गर्व. त्याच अक्षरानं मी एका आईचा घात केला.

ताडकळसच्या शाळेत मी भूगोल शिकवतो. गावात कुणाला अर्ज लिहायचा असो की लग्नपत्रिका, लोक ‘बन्सीधर गुरुजींकडं जा’ म्हणतात. असल्या लष्कराच्या भाकऱ्या भाजण्यात मला फार धन्यता वाटायची. चौऱ्याऐंशी साली किराणा दुकानदार बसवंतरावांचा एकुलता एक मुलगा चन्नप्पा खऱ्याखुऱ्या लष्करात भरती व्हायला परभणीला गेला, तेव्हा त्याचा अर्जही मीच भरला. धर्माच्या रकान्यात ‘हिंदू’ लिहिलं. पुढच्या रकान्यात ‘लिंगायत’ लिहायचं होतं. मागं रांग लागली होती, कारकून घाई करत होता. म्हटलं, दिल्लीला काय करायचंय? रकाना कोरा सोडला.

लिंगायतांत मेलेल्या माणसाला जाळत नाहीत. मांडी घालून बसवतात, तळहातावर त्याचं लिंग ठेवतात आणि जमिनीत समाधी देतात. जन्मल्यावर गळ्यात बांधलेलं लिंग माणसाला मेल्यावरही सोडत नाही. हे मला माहीत नव्हतं असं नाही. वीस वर्षांच्या पोराचा अर्ज भरताना मरण कुणाला आठवतं?

सत्त्याऐंशीच्या पावसाळ्यात आपली फौज शांतता राखायला लंकेत उतरली आणि तिच्यात चन्नप्पा होता. त्याची पत्रं मीच वाचून दाखवायचो. बसवंतराव तराजू हातात धरून ऐकायचे. मल्लम्माकाकू, म्हणजे चन्नप्पाची आई, पोत्यावर ताठ बसून ऐकायच्या. पहिल्या पत्रात होतं, ‘आई, इथल्या बायांनी आमाला ओवाळलं, हार घातले.’ दिवाळीनंतरच्या पत्रात होतं, ‘आता आमाला बघून दारं लावून घ्यायलेत. लेकरं रडायलेत. आमचं इथं काय काम हाय, ते आमच्या सुभेदारालाबी सांगता येईना.’

“ज्यांच्या घरात ह्ये शिरले, त्यांनी बोलवलं व्हतं का?” काकूंनी मला विचारलं.

भूगोलाच्या मास्तराला असा प्रश्न म्हणजे आयतंच कोलीत. मी शाळेतून नकाशा आणला, दुकानात गुळाच्या भेलीवर पसरला आणि लंकेच्या उजव्या अंगावर बोट ठेवलं. “काकू, हे त्रिंकोमाली. लय मोठं बंदर. उद्या दुसऱ्या कुठल्या महासत्तेनं इथं तळ ठोकला तर आपल्या उशाशी येऊन बसल्यासारखं होईल. समुद्र आपल्या हातात राहायला पाहिजे. ह्याला हितसंबंध म्हणतात.”

काकूंनी नकाशा नीट पाहिला. “ह्यात ताडकळस कुठं हाय?”

“एवढ्या नकाशात ताडकळस नसतंय, काकू. परभणीच टिंबाएवढी हाय.”

“मग ह्या हितात आमी न्हाईतच की,” त्या म्हणाल्या आणि नकाशाची घडी घालून माझ्या हातात दिली. तेव्हा मी हसलो होतो. आज स्वतःच्या त्या हसण्याची मला लाज वाटते.

डिसेंबरात तार आली. चन्नप्पा गेला होता. तिकडंच त्याला मानानं अग्नी दिला होता. जानेवारीत एक तरुण कॅप्टन जीपमधून आला. त्यानं तांबड्या फडक्यानं तोंड बांधलेला एक तांब्याचा कलश आणि एक लोखंडी ट्रंक आणली. ट्रंकेतल्या सामानाची इंग्रजी यादी होती. वाचायला अर्थात मी. कपडे, दाढीचं सामान, आईची अकरा पत्रं, जी माझ्याच अक्षरातली होती. शेवटची ओळ मी वाचली आणि मग जीभ चावली.

“परत वाचा, गुरुजी,” काकू म्हणाल्या.

“काळा दगड, चांदीच्या डबीत. एक नग.”

काकूंनी ट्रंकेतून ती डबी काढली. जन्मल्यावर पाचव्या दिवशी त्यांनी स्वतः लेकाच्या गळ्यात बांधलेलं लिंग तिच्यात होतं. कुणीतरी ते जपून काढून ठेवलं होतं, चांगल्या मनानंच. काकूंनी डबी कपाळाला लावली. त्या रडल्या नाहीत. “जाळलं,” एवढंच म्हणाल्या. “आणि त्याआधी ह्ये काढून घेतलं.” मी तिथून निघून शाळेच्या मागं जाऊन उभा राहिलो. कोरा सोडलेला तो रकाना मला डोळ्यांपुढं दिसत होता.

आबासाहेब मात्र उत्साहात होते. ते आमच्या भागाचे पुढारी. आमदारकीची हळद अजून लागायची होती, पण बाशिंग बांधून तयार. त्यांनी सगळा कार्यक्रम ठरवून टाकला. दोन दिवसांनी शाळेच्या पटांगणात सभा, मग बँड लावून मिरवणूक, मग गोदावरीला, म्हणजे आमच्याकडच्या गंगेला, जाऊन अस्थिविसर्जन. भाषण लिहायला मी. मी लिहिलंही. सवय, दुसरं काय!

सभेच्या दिवशी सकाळी काकूंनी मला आणि मठाच्या स्वामींना बोलावून घेतलं. “माझा चन्ना गंगेत जाणार न्हाई. आमच्या रुद्रभूमीत, मातीत जाणार.”

स्वामी चांगला माणूस, पण गोंधळला. “आई, राखंला समाधी देत न्हाईत. शास्त्रात तसं कुठं न्हाई.”

“शास्त्रात त्रिंकोमाली हाय का?” काकूंनी विचारलं.

बसवंतराव हळूच म्हणाले, “आबासाहेबाचा कार्यक्रम सरकारी हाय. पुढं दुकानाला तरास व्हईल.” काकूंनी नवऱ्याकडं नुसतं पाहिलं. ते तराजूची पारडी पुसायला लागले.

पटांगण भरलं होतं. अठ्ठ्याहत्तरला नामांतराच्या दंगलीत आल्या होत्या, त्यानंतर एवढ्या पोलीस गाड्या गावानं पाहिल्या नव्हत्या. मंचावर कॅप्टन, आबासाहेब, मल्लम्माकाकू आणि त्यांच्या मांडीवर कलश. आबासाहेबांनी माझं भाषण सुरू केलं. ‘हिंदी महासागरात परकीय महासत्तेचा शिरकाव रोखण्यासाठी, राष्ट्राच्या व्यापक हितसंबंधांसाठी, ताडकळसच्या या सुपुत्रानं...’ टाळ्या पडल्या. माझी वाक्यं इतकी गुळगुळीत होती की माझाच मला राग आला. उंटावरून शेळ्या हाकणाऱ्यांची भाषा मी खाली बसून फुकट लिहून दिली होती.

भाषण संपवून आबासाहेबांनी कलशासाठी हात पुढं केले. काकूंनी कलश पदराखाली घेतला.

“आबासाहेब, त्या बंदरात तुमचं काय हाय?”

“काकू, देशाचं हित हाय.”

“तुमचं पोरगं कुठं हाय?”

“पुण्याला. इंजिनिअरिंगला हाय,” आबासाहेबांच्या तोंडून निघून गेलं.

“म्हंजे आयजीच्या जिवावर बायजी उदार,” काकू म्हणाल्या. माईक चालू होता. बाजारच्या टोकापर्यंत लोकांना ऐकू गेलं. “माझ्या लेकानं लिव्हलं व्हतं. तिथल्या बाया आधी ओवाळीत व्हत्या, मग दारं लावायल्या. त्या बायांचं काय चुकलं? परक्यानं घरात पाय रोवला तर मी बी दारच लावीन. पोरगं तुमाला दिलं, ते शिपाई म्हणून दिलं. आता ते शिपाई न्हाई. आता ते माझं हाय. मी त्याला मातीत बसवणार.”

आबासाहेब चिडले, पण पुढारी माणूस, हसत चिडले. “काकू, फौजेच्या कागदावर हिंदू लिवलेलं हाय. हिंदूच्या अस्थी गंगेतच जातेत. कागद हाय.”

“हिंदू लिवा न्हाईतर काय बी लिवा. आमच्यात जाळत न्हाईत.”

“कागद कुणी लिवला? तुमच्याच माणसानं की!”

आता गप्प बसलो असतो तर जन्मभर गप्पच राहावं लागलं असतं. मी उठलो. मंचावर चढलो. “तो कागद मी लिहिला. लिंगायत लिहायचं होतं, मी रकाना कोरा सोडला. चूक फौजेची नाही आणि काकूंची तर नाहीच. ती माझी आहे. आणि आबासाहेब, तुम्ही आत्ता वाचलेलं भाषणही माझंच. तेही चुकीचंच आहे.”

काकूंनी माझ्याकडं पाहिलं नाही. त्या कॅप्टनकडं वळल्या, डबी उघडून त्याच्यासमोर धरली आणि आमच्या निजामी हिंदीत म्हणाल्या, “साब, ये पत्थर नै है. ये उसका देव है. लिख्के देव.”

कॅप्टन फार तर पंचविशीचा असेल. तो उभा राहिला. त्यानं डोक्यावरची टोपी काढून काखेत धरली, यादी मागून घेतली आणि तिच्यातल्या ‘काळा दगड’ या शब्दांवर रेघ मारली. मग मला स्पेलिंग विचारून त्यानं वर ‘इष्टलिंग’ असं लिहिलं आणि शेजारी सही केली. “माताजी,” तो म्हणाला, “कलश आपका है.”

काकू कलश घेऊन मंचावरून उतरल्या आणि गावाच्या उत्तरेला चालू लागल्या. आधी बाया उठल्या, मग सगळं पटांगण उठलं. बँडवाले आबासाहेबांकडं बघत उभे राहिले. आबासाहेबांची गाडी गोदावरीच्या रस्त्याला लागली, रिकामी.

रुद्रभूमीत, म्हणजे लिंगायतांच्या दफनभूमीत, समाधीचे खड्डे खांदणारा मुंजाजी कुदळ घेऊन हजर होता. त्यानं हातभर खड्डा उकरला आणि घाम पुसला.

“एवढाच?” काकूंनी विचारलं.

“काकू, कलश तर वीतभर हाय.”

“माझं लेकरू साडेपाच फुटाचं गेलतं, मुंजाजी. त्यांनी वीतभर करून आणलं. मी बी वीतभरच धरून चालू का? पुरा खड्डा खांद.”

मुंजाजीच्या हातातली कुदळ बसवंतरावांनी घेतली. आयुष्यभर तराजूपेक्षा जड काही न उचललेल्या त्या माणसानं असे घाव घातले की लोक मागं सरले. मीही उतरलो. काळी माती, खाली मुरूम. आळीपाळीनं दुपार कलेपर्यंत खांदलं. पायऱ्या काढल्या, भिंतीत कोनाडा कोरला. बाहेर स्वामी आले आणि बेलाची पानं निवडायला बसले.

बाकीचे वर चढले. मीही चढू लागलो, तेव्हा काकू काठावर येऊन उभ्या राहिल्या.

“गुरुजी, चन्ना तुमच्याच अंगापिंडाचा व्हता. मांडी घालून बसून बघा.”

बाया कुजबुजल्या. जित्या माणसानं त्या खड्ड्यात बसायचं, हे अशुभच. बसवंतराव म्हणाले, “अगं, असं कुठं...” काकूंनी हात वर केला. मी बसलो. पाठ ताठ केली, हात मांडीवर ठेवले. मातीचा गारवा अंगात चढला. वर आभाळाचा एक तुकडा आणि त्यात काकूंचा चेहरा दिसत होता. इतकी वर्षं मी नकाशावर बोटं फिरवली, पण जागा म्हणजे काय ते मला तिथं बसल्यावर कळलं. मला रडू आलं आणि मी ते आवरलं नाही.

काकूंनी माझ्या गुडघ्यापासून भिंतीपर्यंतचं अंतर पाहिलं, डोक्यावरचं पाहिलं. मग कलश छातीशी धरून पहिल्या पायरीवर पाय ठेवला.

“पुरंल माझ्या लेकराला,” त्या म्हणाल्या. “उठा गुरुजी. जागा खाली करा.”